काळावरचे वळ

मी आज एक सिद्धांत मांडणार आहे. तो पूर्णपणे बनावट आहे. एका दुपारी बसल्या बसल्या मीच तो रचला, हे आधीच सांगून टाकतो.

सिद्धांत असा. काळाला त्वचा असते. प्रत्येक घटना त्या त्वचेवर आघात करते आणि आघाताचा वळ उठतो. किरकोळ घटनांचे वळ विरत जातात. पण दुःख, हिंसा, वचन, विश्वासघात अशा घटनांचे वळ कायमचे राहतात. एकाच जागी पुन्हा आघात झाला तर जुना वळ आणखी खोल होतो. नाव 'कालवळ सिद्धांत'. आधी 'वण' हा शब्द डोक्यात होता, पण 'कालवण सिद्धांत' म्हटल्यावर कोणी गांभीर्याने घेतलं नसतं. वळाची खोली मोजायचं एकक 'थाप'. सूत्रही आहे: घटनेची तीव्रता गुणिले साक्षीदारांची संख्या, भागिले लोटलेल्या वर्षांचं वर्गमूळ. वर्षं कितीही लोटली तरी उत्तर शून्य होत नाही, म्हणून वळ कायमचा. वर्गमूळच का, असं विचाराल, तर वर्गमूळ घातलं की सूत्र भारदस्त दिसतं, याहून चांगलं उत्तर माझ्याकडे नाही.

आता या सिद्धांताने काय काय उलगडतं बघा. एखाद्या जुन्या वास्तूत पाऊल टाकताच छातीवर दडपण का येतं? वळ. एखादी तारीख जवळ आली की कारण आठवण्याच्या आधीच मन का खिन्न होतं? वळ. युद्धं पुन्हा पुन्हा त्याच प्रदेशांत का पेटतात, काही घराण्यांत तेच दुर्दैव पिढ्यान्‌पिढ्या का फिरतं, अनोळखी माणूस पहिल्या भेटीत ओळखीचा का वाटतो? वळ, वळ, वळ. आणि समजा कोणी म्हणालं, 'त्या वास्तूत मी चार वेळा जाऊन आलो, मला काहीच जाणवलं नाही,' तर त्याचंही उत्तर तयार आहे: तुमची संवेदनशक्ती बोथट आहे. म्हणजे जाणवलं तरी सिद्धांत खरा, नाही जाणवलं तरी खराच. हरण्याची सोयच ठेवलेली नाही.

हे रचायला मला तासभरही लागला नाही. असे सिद्धांत रोज रचले जातात, त्यांना 'क्वांटम', 'ऊर्जा', 'कंपनं' यांचा मुलामा दिला जातो आणि कथा म्हणून सुरू झालेली गोष्ट दोन-तीन हातांतून गेली की 'शास्त्रज्ञांनी शोधून काढलं आहे' अशा सुरात बोलू लागते. यावर नेहमीचा प्रश्न येतो: मग काय बिघडलं? कल्पनाच तर आहे. कुणाला तिने दिलासा मिळाला तर मिळू दे.

बिघडतं. पण ते जिथे बिघडतं असं बुद्धिवादी मंडळी नेहमी सांगतात तिथे नाही, असं माझं म्हणणं आहे. अंधश्रद्धा पसरेल, लोक भोंदूंच्या नादी लागतील हे आक्षेप खरेच आहेत, पण ते कुठल्याही छद्मविज्ञानाला लागू पडतात. काळावर कायमचा ठसा उमटतो, या विशिष्ट कल्पनेचा तोटा वेगळा आहे. ती आठवण ठेवण्याचं काम माणसाच्या डोक्यावरून उतरवते आणि विश्वाच्या खात्यावर टाकते. सगळं कुठेतरी नोंदलं जातंच आहे म्हटल्यावर नोंद करायची कुणी, आणि कशाला?

कल्पना माझ्या दुपारच्या डुलकीइतकी नवी अर्थातच नाही. गणनयंत्राचा आराखडा करणारे चार्ल्स बॅबेज यांनी 1837 साली अगदी याच धर्तीचा विचार छापून मांडला होता. बोललेला शब्द हवेच्या कणांना धक्का देतो, ते कण पुढच्या कणांना, आणि ही गती कधीच पूर्णपणे नष्ट होत नाही. ती फक्त वाटली जात राहते. पुरेसं गणित येणाऱ्या बुद्धीला हवेच्या आजच्या हालचालीवरून पूर्वी उच्चारलेला प्रत्येक शब्द वाचता येईल. हवा म्हणजे अवाढव्य ग्रंथालय. बॅबेज इथे थांबले नाहीत. गुलामांच्या जहाजाचा कप्तान माणसांना समुद्रात फेकतो तेव्हा हवा-पाण्याचा कण न् कण त्या गुन्ह्याची साक्ष कायमची बाळगून राहतो, असं त्यांनी लिहिलं. माणूस संतापून लिहीत होता आणि संताप रास्त होता. वाचताना अंगावर काटा येतो. तरीही हे उदाहरण त्यांनी घ्यायला नको होतं असं मला वाटतं, कारण नेमक्या अशाच एका गुन्ह्याची साक्ष कुणी दिली ते आपल्याला ठाऊक आहे.

'झाँग' नावाचं जहाज. 1781 साली पश्चिम आफ्रिकेतून माणसं कोंबून जमैकाकडे निघालेलं. वाट चुकली, पाणी कमी पडतंय असं कारण दिलं गेलं, आणि 29 नोव्हेंबरपासून काही दिवसांत जहाजावरच्या लोकांनी 130 हून अधिक आफ्रिकी माणसांना समुद्रात ढकललं. हे उघड कसं झालं? लिव्हरपूलच्या मालकांनी विम्याचा दावा लावला म्हणून. माणशी 30 पौंड. 'मालाचं' नुकसान झालं, भरपाई द्या. विमेकऱ्यांनी नकार दिला, प्रकरण न्यायालयात गेलं आणि मार्च 1783 मध्ये ज्यूरीने निकाल मालकांच्या बाजूने दिला. जहाजाची रोजनिशी तोवर गहाळ झालेली होती.

गुलामगिरीतून मुक्त झालेला ओलाउदा इक्वियानो ही बातमी घेऊन ग्रॅनव्हिल शार्प यांच्याकडे गेला. शार्प हे गुलामगिरीविरुद्ध झगडणारे गृहस्थ. विमेकऱ्यांनी फेरसुनावणी मागितली होती. मे महिन्यात लॉर्ड मॅन्सफील्ड यांच्यापुढे ते प्रकरण आलं तेव्हा शार्प यांनी एक साधी गोष्ट केली. पदरचे पैसे मोजून एक लघुलेखक न्यायालयात बसवला. जे बोललं जाईल ते सगळं उतरवून घे. शेवटची माणसं फेकली गेली त्याआधी पाऊस पडून गेला होता, म्हणजे पाण्याच्या टंचाईची सबबही टिकत नव्हती, हे त्या सुनावणीत पुढे आलं. खून केल्याबद्दल कुणावरही खटला चालला नाही. पण पुढे गुलामांच्या व्यापाराविरुद्ध चळवळ उभी राहिली तेव्हा 'झाँग'ची कहाणी तिच्या हाती होती. ते कागद आज लंडनच्या ग्रीनिचमधल्या सागरी संग्रहालयात आहेत.

अटलांटिक महासागराने काहीही सांगितलं नाही. त्या रात्री पाण्यावर उठलेले तरंग केव्हाच मिटले. पाण्यावरची रेघ हा शब्दप्रयोग आपल्याकडे उगाच नाही. साक्ष दिली ती पैसे घेऊन भराभर लिहिणाऱ्या एका माणसाने, आणि ते कागद जपून ठेवणाऱ्या दुसऱ्याने. शार्प यांचा कालवळ सिद्धांतावर विश्वास असता, तर त्या सकाळी लघुलेखकाचे पैसे वाचवायचा मोह त्यांना झाला नसता का? हा प्रश्न थोडा अन्यायकारक आहे, मान्य. शार्प धार्मिक होते आणि ईश्वर सगळं पाहतो यावर त्यांची श्रद्धा असणारच. तरी त्यांनी लघुलेखक नेमला. मला त्यांचं कौतुक वाटतं ते त्यामुळेच.

इथे भौतिकशास्त्र जाणणारा वाचक मला अडवेल, आणि अडवायलाच हवं. तो म्हणेल, बॅबेज तत्त्वतः चुकीचे कुठे होते? माहिती नष्ट होत नाही असं तुमचंच भौतिकशास्त्र म्हणतं ना? म्हणतं. सूक्ष्म पातळीवरचे नियम असे आहेत की आजची स्थिती संपूर्ण माहीत असेल तर कालची काढता यावी. पुस्तक जाळलं, तरी धूर, राख आणि प्रकाश मिळून त्यातला मजकूर तत्त्वतः शाबूत असतो. कृष्णविवरात पडलेल्या माहितीचं काय होतं, यावर तर पैजा लागल्या. माहिती नष्ट होते या बाजूने स्टीफन हॉकिंग यांनी 1997 साली जॉन प्रेस्किल यांच्याशी पैज लावली आणि 2004 साली हार मानली.

पण 'तत्त्वतः' या शब्दाच्या पोटात काय काय दडलंय ते बघा. जळलेल्या पुस्तकातली एक ओळ परत मिळवायची तर धुराचा प्रत्येक रेणू आणि खिडकीतून निसटलेला प्रत्येक प्रकाशकण पकडावा लागेल, तोही एकही न चुकवता. प्रकाशकण तर सेकंदाला तीन लाख किलोमीटर वेगाने निघून गेले. माहिती आहे, पण कुणालाही, कधीही, कशासाठीही मिळणार नाही अशी आहे. कपाटाची किल्ली समुद्रात फेकली, मग कपाटही फेकलं, आणि वर सांगितलं की कागद सुरक्षित आहेत! विज्ञानातलं 'नष्ट होत नाही' आणि रोजच्या भाषेतलं 'जपून राहतं' यांच्यात हे एवढं अंतर आहे, आणि माझ्या कालवळासारखे सिद्धांत नेमके त्या अंतरात तंबू ठोकतात.

गंमत अशी की अवकाश-काळावर कायमचा ठसा उमटतो, असं सांगणारा एक खराखुरा सिद्धांत आहे. दोन कृष्णविवरं एकमेकांभोवती फिरत एकत्र येतात तेव्हा गुरुत्वीय लहरी, म्हणजे खुद्द अवकाशाला ताणत-आकसत पसरणारे तरंग, बाहेर पडतात. अशी लहर पहिल्यांदा पकडली गेली ती 14 सप्टेंबर 2015 रोजी, अमेरिकेतल्या 'लायगो' या दोन वेधयंत्रांवर. सुमारे 36 आणि 29 सूर्यांइतक्या वस्तुमानाची दोन कृष्णविवरं सव्वाशे कोटींहून अधिक वर्षांपूर्वी एक झाली होती. त्या उलथापालथीत तीन सूर्यांइतकं वस्तुमान लहरींच्या रूपाने उधळलं गेलं. आणि इथे वेधयंत्राच्या चार किलोमीटर लांबीच्या भुजेत पडलेला फरक प्रोटॉनच्या व्यासाच्या शंभराव्या भागाहूनही कमी होता. आता आपल्या मुद्द्याचं. लहर निघून गेली की सगळं पूर्ववत व्हायला हवं असं आपण धरून चालतो. पण 1974 मध्ये याकोव्ह झेल्दोविच आणि अलेक्झांडर पोल्नारेव यांनी, आणि 1991 मध्ये अधिक खोलात जाऊन देमेत्रिओस क्रिस्तोदुलू यांनी गणिताने दाखवलं की तसं होत नाही. मोकळ्या तरंगणाऱ्या दोन वस्तू लहर गेल्यावर नेमक्या आधीच्या अंतरावर परत येत नाहीत. किंचित फरक कायमचा राहतो. शास्त्रज्ञ त्याला चक्क गुरुत्वीय लहरींची 'स्मृती' म्हणतात. नाव ऐकून माझ्यासारख्याला गुदगुल्या होतात.

हा खरा वळ आणि माझा खोटा वळ शेजारी ठेवून पाहा. खऱ्या वळाची खोली आधीच सांगता येते: एवढ्या वस्तुमानाची विवरं, एवढ्या अंतरावर, तर फरक एवढा. तो फरक मूळ लहरीपेक्षाही बारीक आहे, म्हणून एकट्या घटनेत दिसण्याची आशा कमी. शेकडो घटनांच्या नोंदी एकत्र करून तो शोधायचा प्रयत्न चालू आहे. अवकाशात 25 लाख किलोमीटर अंतर राखून तीन यानं सोडण्याची 'लिसा' ही मोहीम 2030 च्या दशकासाठी आखली आहे, तिच्याकडूनही आशा आहे. आणि समजा पुरेशा नोंदी जमूनही फरक दिसला नाही, तर? तर हे सगळं गणित ज्यावर उभं आहे त्या आइनस्टाइनच्या सामान्य सापेक्षतेच्या सिद्धांतालाच धक्का बसेल. म्हणजे इथे हरण्याची सोय आहे. शिवाय हा खरा वळ कुणाच्या दुःखाने उठत नाही. विवरं एकमेकांवर आदळली तर उठतो; कुणाचं घर बुडालं तर नाही. विश्वाला घटनेची तीव्रता कळते ती वस्तुमानात आणि ऊर्जेत. आपल्याला जे सर्वात मोठं वाटतं त्याचं त्याच्या खात्यात वजन जवळजवळ शून्य.

(पाण्याच्या 'स्मृती'चं प्रकरण इथे कुणाला आठवेल. पाण्यात मिसळलेला पदार्थ विरळ करत करत नाहीसा केला तरी त्याचा परिणाम पाणी जपून ठेवतं, असा दावा 1988 साली 'नेचर' नियतकालिकात छापून आला, संपादकांनी प्रयोगशाळेत जाऊन तपासायच्या अटीवर. कुठल्या नळीत काय आहे हे प्रयोग करणाऱ्यांपासून लपवल्यावर परिणाम नाहीसा झाला. पाण्याच्या रेणूंमधले हायड्रोजन बंध सेकंदाच्या अब्जांशाच्याही हजाराव्या भागाच्या आसपास मोडतात आणि नव्याने जुळतात. अशा पाण्याने कशाची आठवण ठेवायची?)

आता माणसांनी केलेल्या नोंदींकडे वळू, कारण तिथलं चित्रही काही अभिमान वाटावा असं नाही. 20 जुलै 1969 ला माणूस चंद्रावर उतरला. तिथल्या धुळीत उमटलेले बुटांचे ठसे अजून आहेत आणि लाखो वर्षं राहतील, कारण तिथे वारा नाही, पाऊस नाही. झीज होते ती सूक्ष्म उल्कांच्या माऱ्याने, अगदी सावकाश. आणि त्या उतरण्याचं मूळ, सर्वांत स्पष्ट चित्रण ज्या चुंबकीय फितींवर पृथ्वीवर नोंदलं गेलं होतं, त्या फितींचं काय झालं? बराच शोध घेतल्यावर 2009 साली 'नासा'ला सांगावं लागलं की त्या बहुधा पुसून पुन्हा वापरल्या गेल्या. फितींचा तुटवडा होता. दूरचित्रवाणीवर प्रक्षेपित झालेली, तुलनेने धूसर प्रत उरली म्हणून आपण ते दृश्य पाहू शकतो.

दुसरं उदाहरण याहून बोलकं आहे. इंग्लंडमध्ये 1086 साली राजाच्या हुकुमावरून जमिनींची मोजदाद झाली, तिची चामड्यावर लिहिलेली वही आजही वाचता येते. तिला 900 वर्षं झाली म्हणून 1986 साली 'बीबीसी'ने नव्या काळाची तशीच नोंद केली, दहा लाखांवर माणसं त्यात सामील झाली, आणि सगळा मजकूर लेझर तबकड्यांवर भरला. पंधरा-सोळा वर्षांत ती तबकडी वाचणारं यंत्र मिळेनासं झालं आणि तो मजकूर सोडवून घ्यायला वेगळा प्रकल्प काढावा लागला. तबकडी फुटली नव्हती, खरवडली नव्हती. ठसा जागच्या जागी होता. वाचणारं यंत्र आणि ते चालवणारा माणूस तेवढे गेले होते.

माझ्या मते सगळ्या वादाचं मर्म या तबकडीत आहे. ठसा म्हणजे नोंद नव्हे. ठशाच्या दुसऱ्या टोकाला कुणीतरी असावं लागतं, त्याला लिपी यावी लागते, आणि आपल्यानंतर ती कुणाला तरी शिकवायची त्याला गरज वाटावी लागते. जुन्या हाडा-लाकडांचं वय ज्यावरून काढतात ते कार्बन-14 तर घड्याळासारखं नेमकं आहे, 5,730 वर्षांत निम्मं होतं. पण विलर्ड लिबी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1940 च्या दशकाच्या अखेरीस ते वाचायची रीत काढली, तोवर हाडांत आणि लाकडांत ते मुकाट्याने टिकटिकत होतं, कुणाच्याही कामाचं नसलेलं. निसर्गात ठसे भरपूर आहेत. त्यांना बोलतं करणं हे मजुरीचं काम आहे, ते कुठल्याही त्वचेवर आपोआप होत नाही.

याला दुसरी बाजूही आहे आणि ती मला अधिक अस्वस्थ करते. कालवळ खरा मानला तर कशाचीच सुटका नाही. विशीत केलेली चूक, खोटा आळ, बदनामी, सगळं कायम. हल्लीच्या यंत्रांनी हे बऱ्याच अंशी खरं करूनच दाखवलंय. मे 2014 मध्ये युरोपीय न्यायालयाने निर्णय दिला की जुनी, आता गैरलागू झालेली माहिती इंटरनेटवर आपल्या नावाच्या शोधात दिसू नये अशी मागणी माणूस करू शकतो. त्या निर्णयावर टीका भरपूर झाली आणि तिच्यातली काही मला पटतेही. सत्ताधीशांनी आपला भूतकाळ धुऊन काढायला हे हत्यार वापरलं तर काय, ही भीती खरी आहे. पण त्यामागचा विचार मोलाचा आहे: काय ठेवायचं आणि काय सोडून द्यायचं हे माणसांनी आपसांत वाद घालून ठरवायचं असतं. वळाशी वाद घालता येत नाही. न्यायालयाशी घालता येतो.

राहिला दिलाशाचा प्रश्न. जवळचं माणूस गेलेल्या कुणाला 'त्याचा ठसा काळावर आहेच' असं वाटून रात्री झोप लागत असेल, तर त्याच्यापुढे मी गुरुत्वीय लहरींचं गणित घेऊन जाणार नाही. तेवढं तारतम्य मला आहे. मात्र तेच वाक्य सामूहिक अपघातानंतर, दंगलीनंतर, बुडालेल्या गावाबद्दल एखादा अधिकारी बोलू लागला, की 'या बलिदानाची नोंद काळाने घेतली आहे', तर मी लगेच विचारेन: मृतांची यादी कुठे आहे? चौकशीचा अहवाल कुठे आहे? काळाने नोंद घेतली म्हणणाऱ्यांच्या दप्तरात पुष्कळदा कोरे कागद निघतात. म्हातारी मेल्याचं दुःख नाही, पण काळ सोकावतो, ही म्हण मला अशा वेळी हमखास आठवते. काळ इथे साक्षीदार नाही. चटावलेला आहे, आणि पुन्हा येणार आहे.

तरीही बंदीबिंदी मला नको आहे. कल्पित सिद्धांत रचावेत, जरूर रचावेत. त्यांच्याशिवाय विज्ञानकथा कशी लिहिणार? फक्त कथेने कथेच्या दारातून यावं. पुढे धाडणाऱ्याने एवढं तरी विचारावं की हे खोटं असतं तर ते आपल्याला कशावरून कळलं असतं. शाळेत विज्ञानाच्या तासाला सूत्रं पाठ करून घेतात, तसा हा प्रश्नही पाठ करून घ्यावा, भले त्याला परीक्षेत गुण नसले तरी.

माझ्या सिद्धांताचं काय होईल याची मला पूर्ण कल्पना आहे. वरचा पहिला परिच्छेद कुणीतरी कापेल, दुसरा आणि तिसरा तेवढा उचलेल, खाली एखाद्या परदेशी विद्यापीठाचं नाव चिकटवेल आणि पहाटे पहाटे सगळ्यांना पाठवून देईल. त्याची तजवीज मी करून ठेवली आहे. सूत्र बदलता येईल, वर्गमूळही कुणी काढून टाकेल. पण मोजमाप सांगायचं म्हटलं की त्याला एकक लिहावंच लागेल, आणि अमुक घटनेचा वळ चारशे थापांचा आहे, असं त्याला स्वतःच्या हाताने लिहावं लागेल.